संघटना मिटते, मग खेळलेल्या सामन्यांचं काय?

प्रश्न : माझा भाचा अमेरिकेत शिकतो आणि कॉलेजच्या क्लब संघातून आइस हॉकी खेळतो. त्यांचा संघ पूर्वी ज्या संघटनेत होता ती म्हणे बंद पडली. खेळ चालू असताना संघटना बंद कशी पडते? आपल्याकडे असं कधी झालं आहे का?
— एक वाचक, मालवण

उत्तर : अमेरिकेत कॉलेजातल्या खेळाच्या दोन वाटा आहेत. एक विद्यापीठाच्या अधिकृत संघाची. तिचा खर्च विद्यापीठ उचलतं आणि स्पर्धा १९०६ साली स्थापन झालेल्या 'एनसीएए'च्या नियमांनी चालतात. दुसरी तुमच्या भाच्याची, क्लब संघांची. तिथे बर्फाच्या मैदानाचं भाडं, बसचा खर्च, पंचांचं मानधन यांतलं बरंचसं मुलंच वर्गणी काढून भागवतात. अशा संघांसाठी १९९१ पासून 'एसीएचए' ही मोठी संघटना आहे.

संघटना बंद पडते ती खेळाची आवड आटली म्हणून क्वचितच. संघ एकेक करून निघून जातात. तुमच्याकडे रापण ओढायला जशी पुरेशी माणसं लागतात, तसेच संघटना चालायला पुरेसे संघ लागतात. अधिकृत संघांच्या 'कॉलेज हॉकी अमेरिका' या संघटनेचं उदाहरण बोलकं आहे. ती १९९९ मध्ये सुरू झाली. आर्मीचा संघ लवकरच बाहेर पडला, फिंडलेने २००४ मध्ये हॉकीच थांबवली, एअर फोर्स २००६ मध्ये दुसरीकडे गेलं आणि २००८ मध्ये वेन स्टेटनेही संघ मोडला. उरले चार. त्या चारांतल्या बेमिजी स्टेटने २००९ मध्ये राष्ट्रीय स्पर्धेची उपांत्य फेरी गाठली, ही मला फार मोठी गोष्ट वाटते. तरी पुढच्याच वर्षी पुरुषांची ही संघटना मिटली. बेमिजी एका संघटनेत गेलं, नायगारा आणि रॉबर्ट मॉरिस दुसरीत, अलाबामा-हंट्सव्हिल एकटं पडलं. महिलांची शाखा मात्र २०२४ पर्यंत टिकली, आणि मग तीही दुसऱ्या संघटनेत विलीन झाली.

आता आपल्याकडचं. कबड्डीची अखिल भारतीय संघटना १९५० मध्ये उभी राहिली. विद्यापीठांच्या स्पर्धांत कबड्डी १९६१ मध्ये आली. १९७२ मध्ये 'अमॅच्युअर कबड्डी फेडरेशन ऑफ इंडिया' स्थापन झाली आणि जुन्या संघटनेचं नाव मागे पडलं. विद्यापीठांच्या बाजूलाही पाटी बदलली : १९२५ चं 'इंटर-युनिव्हर्सिटी बोर्ड' १९७३ मध्ये 'भारतीय विद्यापीठ संघ' झालं. आंतरविद्यापीठ स्पर्धा आज याच संघाकडे आहेत. खेळाडूंची चढाई आणि पकड तीच राहिली, प्रमाणपत्रावरचं नाव तेवढं बदललं.

तुमच्या जिल्ह्यात आणखी एक गुंता आहे, आणि तो जुन्या खेळाडूंनी नीट समजून घ्यावा असा आहे. सिंधुदुर्ग जिल्हा १ मे १९८१ रोजी रत्नागिरीतून वेगळा झाला. म्हणजे १९७५ साली मालवणच्या कुणी जिल्हा संघातून कबड्डी खेळली असेल, तर तो संघ रत्नागिरीचा. घरातल्या वडिलांच्या किंवा आत्याच्या प्रमाणपत्रावर 'रत्नागिरी' दिसलं तर ते चुकीचं नाही.

कागद जपण्याचं कारण निव्वळ अभिमान नव्हे. महाराष्ट्रात सरकारी नोकरीत गुणवत्ताधारक खेळाडूंसाठी पाच टक्के आरक्षण आहे आणि त्यासाठी क्रीडा प्रमाणपत्राची पडताळणी होते. आज खेळणाऱ्या मुलीला उद्या हेच लागेल. स्पर्धा भरवणारी संघटना मोडली आणि तिच्या दप्तराचा वारस कुणी ठरवला नाही, तर त्या मुलीचा दावा तपासायचा कशावर? संघटना बंद करताना पदाधिकाऱ्यांनी शेवटच्या सभेत हिशेबाइतकंच लक्ष याकडे द्यायला हवं : निकालपत्रकं, संघांच्या याद्या आणि पंचांचे अहवाल कुणाकडे जाणार, याचा लेखी ठराव.

मालवण, कुडाळ, सावंतवाडीच्या कॉलेजांतून जिमखान्याची जुनी रजिस्टरं असतील, वार्षिक अंकांत संघांचे फोटो नावांसह असतील. ती स्कॅन करून ग्रंथालयात ठेवणं एका सुट्टीत, दोन-चार विद्यार्थ्यांच्या मदतीने होण्यासारखं काम आहे. भाच्यालाही सांगा : बंद पडलेल्या संघटनेच्या हंगामांचे निकाल आणि संघाची यादी मिळेल तिथून गोळा करून आपल्या विद्यापीठाच्या अभिलेखागारात जमा करावी. तिथली बरीच विद्यापीठं विद्यार्थी-मंडळांचे असे कागद आनंदाने ठेवून घेतात.