घरची समई

मुलांनो, प्रश्न विचारताच उत्तर देणारी बोलकी यंत्रे आता तुमच्या परिचयाची झाली आहेत. त्यांना चॅटबॉट म्हणतात. अमेरिकेतील ओपनएआय या कंपनीने नोव्हेंबर २०२२ मध्ये चॅटजीपीटी लोकांसमोर आणले, तेव्हापासून त्यांचा प्रसार फार झपाट्याने झाला. परंतु तुमचा प्रश्न कंपनीच्या दूरच्या संगणकांकडे जातो व उत्तर तेथे तयार होते. त्याचे मोल आणि नियम कंपनीच ठरविते. उद्या तिने दार लावून घेतले तर?

अशा प्रश्नास पुणे शहराने पूर्वी एकदा उत्तर दिले आहे. १९८० नंतरच्या दशकात भारतास शक्तिशाली महासंगणक देण्याचे अमेरिकेने नाकारले. तेव्हा १९८८ मध्ये सी-डॅक ही संस्था स्थापन झाली आणि डॉ. विजय भटकर यांच्या नेतृत्वाखाली १९९१ मध्ये पुण्यात ‘परम ८०००’ हा महासंगणक सिद्ध झाला.

बोलक्या यंत्रांच्या बाबतीतही स्वावलंबनाची वाट आहे. यंत्राला भाषा शिकवून जी बुद्धी घडविली जाते, तिला प्रारूप म्हणतात. जे प्रारूप कोणीही उतरवून घ्यावे, वापरावे व सुधारावे, ते मुक्तस्रोत होय. जुलै २०२२ मध्ये जगभरच्या एक हजाराहून अधिक संशोधकांनी ‘ब्लूम’ हे प्रारूप सर्वांस खुले केले. त्यास शिकविलेल्या ४६ भाषांत आपली मराठीही आहे. फ्रान्समधील मिस्ट्राल या कंपनीने सप्टेंबर २०२३ मध्ये खुले केलेले छोटे प्रारूप तर चांगल्या घरगुती संगणकावर, इंटरनेटवाचूनही चालते. मग आपले बोलणे घराबाहेर जात नाही.

मात्र ज्या भाषेचे लेखन यंत्रास विपुल मिळते, तीच त्यास चांगली येते. हे ओळखून पुण्यातील एल३क्यूब या गटाने २०२२ मध्ये मराठीच्या संग्रहात २ कोटी ४८ लाख वाक्यांची भर घातली आणि ‘महाकॉर्पस’ या नावाने ती सर्वांसाठी खुली ठेवली. अशा संग्रहावर कोणासही मराठी प्रारूप घडविता येते.

खुले प्रारूप निर्दोष असते, असे मात्र समजू नका. तेही चुकते, कधी खोटी गोष्ट ठामपणे सांगते. छोटी प्रारूपे मराठीत पुष्कळदा अडखळतात. म्हणून कोणत्याही यंत्राचे उत्तर पुस्तकाशी व गुरुजनांशी ताडून पाहावे. भेद इतकाच की, कंपनीच्या यंत्रातील दोषाबद्दल आपण तक्रार करतो. खुल्या प्रारूपातील दोष आपण शिकून स्वतः दूर करू शकतो.

भाड्याने आणलेला दिवा लखलखीत असेल; पण मालक म्हणेल तेव्हा तो परत द्यावा लागतो. घरच्या समईचा उजेड मंद असला, तरी तिच्यात तेल घालणे आणि वात पुढे सारणे आपल्या हाती असते.

स्वाध्याय
१. मुक्तस्रोत प्रारूप कशास म्हणतात?
२. ‘महाकॉर्पस’मुळे मराठीस कोणता लाभ झाला?
३. यंत्राचे उत्तर ताडून का पाहावे?