वाटाण्याचा अंकुर

वर्धेच्या काळ्या रानात पेरलेली तूर काही दिवसांत उगवून येते. परंतु तिचा अंकुर वाढत असताना मात्र कोणाच्याही दृष्टीस पडत नाही. ही मंद वाढ डोळ्यांना दाखविण्याचे सामर्थ्य चित्रपटात आहे.

चित्रपट म्हणजे वस्तुतः स्थिर चित्रांची मालिका. ती वेगाने डोळ्यांपुढून सरकली की चित्रांतील माणसे हालत आहेत, असा भास होतो. फ्रान्समधील जादूगार जॉर्ज मेलिएस याने या भासाचा विनोदासाठी मोठ्या कौशल्याने उपयोग केला. कॅमेरा मध्येच थांबवावयाचा, समोरच्या स्त्रीस बाजूला करावयाचे आणि कॅमेरा पुन्हा सुरू करावयाचा. प्रेक्षकांना वाटे, ती क्षणात अदृश्य झाली! १९०१ सालच्या एका मूकपटात त्याचे डोके भात्याने फुगविलेले दिसते. प्रत्यक्षात तो काळ्या पडद्यापुढे गाड्यावर बसून कॅमेऱ्याजवळ सरकत होता. त्यामुळे डोके मोठे होत असल्याचा भास होई.

आपल्याकडे धुंडिराज गोविंद फाळके हेही जादूचे प्रयोग करीत. १९१२ साली लंडनला जाऊन त्यांनी चित्रपटाचे तंत्र शिकून घेतले. परंतु भांडवल कोठून आणावे? हिंदी माणूस चित्रपट काढू शकेल, यावर धनिकांचा विश्वास बसेना. तेव्हा फाळक्यांनी कुंडीत वाटाण्याचा दाणा पेरला, समोर कॅमेरा ठेवला आणि महिन्याहून अधिक काळ दररोज नेमाने थोडी थोडी चित्रे घेतली. ती पडद्यावर दाखविताच अंकुर फुटला, पाने उलगडली आणि पाहता पाहता दाण्याचे रोप झाले! हे पाहून भांडवल देणारा मिळाला. पत्नी सरस्वतीबाईंनीही आपले दागिने पुढे केले. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रगृहात ‘राजा हरिश्चंद्र’ प्रदर्शित झाला.

कॅमेरा थांबविण्याची युक्ती दोघांचीही एकच होती. मेलिएसने तिच्या योगे न घडलेले घडल्यासारखे दाखवून लोकांना हसविले. फाळक्यांनी त्याच युक्तीने खरोखर घडणारे, पण डोळ्यांना न दिसणारे दाखविले आणि लोकांचा विश्वास मिळविला.

स्वाध्याय
१. मेलिएसने स्त्री अदृश्य कशी केली?
२. फाळक्यांनी वाटाण्याचीच चित्रे का घेतली असावीत?
३. ‘पाहता पाहता’ या शब्दप्रयोगाचा वाक्यात उपयोग करा.