जुना खेळ आणि नवे यंत्र

जपून ठेवलेला एखादा जुना खेळ नव्या संगणकावर उतरवून घ्यावा, त्याच्या नावावर क्लिक करावे, आणि ही आज्ञावली या संगणकावर चालू शकत नाही अशी सूचना पडद्यावर झळकावी, हा अनुभव अनेकांना येतो. साहजिकच खेळाची फाईल खराब झाली असावी असा समज होतो. बहुतेक वेळा तो चुकीचा असतो. फाईल जशी होती तशीच असते. नाहीसे झालेले असते ते तिच्याभोवतीचे जग. जुना खेळ पुन्हा चालविणे म्हणजे त्याला त्याचे जग परत मिळवून देणे होय.

हे समजण्यासाठी 'प्रिन्स ऑफ पर्शिया' या खेळाचे उदाहरण घेता येईल. अमेरिकेतील जॉर्डन मेक्नर यांनी तो ॲपल टू या संगणकासाठी रचला व ब्रॉडरबंड या संस्थेने 1989 मध्ये प्रसिद्ध केला. पुढल्याच वर्षी त्याची डॉस प्रणालीवर चालणारी आवृत्ती निघाली. वजिराच्या कैदेतील राजकन्येला साठ मिनिटांच्या आत सोडवावयाचे, एवढीच त्याची कथा. परंतु नायकाचे धावणे, उडी मारणे, कड्याला लोंबकळणे यांत जो जिवंतपणा होता तो त्या काळी अपूर्व होता. मेक्नर यांनी आपल्या धाकट्या भावाच्या हालचालींचे चित्रण करून, त्यातील एकेक चित्र पाहून, नायकाच्या हालचाली रेखाटल्या होत्या.

खेळ का चालत नाही?

डॉसवरील आज्ञावली अनेक गोष्टी गृहीत धरून लिहिलेली असे. 1978 साली आलेल्या इंटेल 8086 या प्रक्रियकाच्या पद्धतीने यंत्र काम करील, आज्ञावलीच्या वाट्याला फार तर 640 किलोबाइट स्मृती येईल, आणि पडदा व ध्वनी यांच्या यंत्रणेशी तिला मध्यस्थाशिवाय बोलता येईल, ही ती गृहीते होत. डॉस बाजूला होऊन सर्व कारभार तिच्या हाती देत असे.

आजची प्रणाली असा मोकळा कारभार कोणत्याही आज्ञावलीच्या हाती देत नाही. विंडोजच्या 32 बिटी आवृत्त्यांत डॉससाठी एक खास सोय केलेली होती. 64 बिटी आवृत्त्यांत ती नाही. कारण प्रक्रियक 64 बिटी पद्धतीने चालू असताना ज्या सुविधेवर ही सोय उभी होती तीच उपलब्ध नसते. 2021 मध्ये आलेली विंडोज 11 तर केवळ 64 बिटी स्वरूपातच मिळते.

जुन्या यंत्राची प्रतिकृती

यावरचा उपाय म्हणजे एम्युलेटर, अर्थात जुन्या यंत्राचे अनुकरण करणारी आज्ञावली. डॉसच्या खेळांसाठी 2002 पासून डॉसबॉक्स ही विनामूल्य आज्ञावली उपलब्ध आहे. नव्या संगणकाच्या आत ती जुन्या प्रक्रियकाची, पडद्याची आणि साउंड कार्डाची नक्कल उभी करते. खेळाला आपण मूळ यंत्रावरच चालत आहोत असे वाटते.

मांडणी पुढीलप्रमाणे करावी. प्रथम सी ड्राइव्हमध्ये एक फोल्डर करावे. त्याचे नाव आठ अक्षरांहून मोठे नसावे व त्यात मोकळी जागा नसावी, कारण डॉसला त्याहून लांब नावे समजत नाहीत. ते विंडोजच्या संरक्षित फोल्डरांच्या आत करू नये. तेथे खेळाला आपली नोंद लिहिता येत नाही व अर्धवट राहिलेला डाव जतन होत नाही. आपल्या मालकीच्या खेळाच्या सर्व फाईली, त्यांची नावे न बदलता, या फोल्डरात 'प्रिन्स' नावाचे पोटफोल्डर करून त्यात ठेवाव्यात.

त्यानंतर डॉसबॉक्स उघडावे. काळ्या पडद्यावर 'झेड' हे ड्राइव्हचे अक्षर दिसते. तेथे रोमन लिपीत 'माउंट' ही आज्ञा, मग 'सी' हे अक्षर, आणि शेवटी नव्या फोल्डरचा संपूर्ण पत्ता लिहावा. याचा अर्थ असा की, या एका फोल्डरलाच खेळाने आपला सी ड्राइव्ह मानावे. संगणकाचा अख्खा सी ड्राइव्ह कधीही जोडू नये. जुन्या आज्ञावलीची एखादी चूक मग साऱ्या फाईलींना भोवू शकते. पुढे 'सी' व विसर्गचिन्ह लिहून त्या ड्राइव्हवर यावे, 'सीडी' या आज्ञेने पोटफोल्डरात शिरावे, आणि खेळाचे नाव लिहून एंटर दाबावे. या ओळी डॉसबॉक्सच्या मांडणी-फाईलीत अखेरच्या विभागात लिहून ठेवल्या की दर वेळी टंकाव्या लागत नाहीत.

दोष आणि त्यांचे निदान

खेळ सुरू झाला तरी अडचणी संपतातच असे नाही. अशा वेळी वाटेल ते बदल करीत सुटण्यापेक्षा जुन्या यंत्राची कोणती अट मोडली आहे, हा एकच प्रश्न विचारावा.

खेळ अति वेगाने किंवा रेंगाळत चालत असेल, तर अट वेगाची आहे. काही जुने खेळ घड्याळाकडे न पाहता प्रक्रियकाच्या गतीवरच आपली चाल ठेवीत. 1990 चा 'विंग कमांडर' अधिक वेगवान यंत्रांवर अनावर होई, तो यामुळेच. डॉसबॉक्समध्ये कंट्रोल व एफ 11 या कळांनी वेग कमी होतो, कंट्रोल व एफ 12 यांनी वाढतो. थोडा थोडा बदल करून पाहावा.

आवाज येत नसेल, तर खेळाच्या मांडणीत साउंड ब्लास्टर हे कार्ड निवडावे आणि पत्ता 220, इंटरप्ट 7 व डीएमए 1 हे आकडे द्यावेत. डॉसबॉक्स मूळचे हेच आकडे धरून चालते.

चित्रातील माणसे बुटकी दिसत असतील, तर दोष प्रमाणाचा आहे. त्या काळचे 320 बाय 200 बिंदूंचे चित्र चारास तीन या प्रमाणाच्या पडद्यावर उंचीत ताणले जाई. आजच्या पडद्यावरील चौरस बिंदूंमुळे ते एक-षष्ठांशाने ठेंगणे दिसते. मांडणी-फाईलीतील 'आस्पेक्ट' या शब्दापुढे 'ट्रू' लिहिल्यास ते पूर्ववत होते.

'प्रिन्स'मध्ये आणखी एक गमतीदार अडथळा येतो. जपून पाऊल टाकण्यासाठी व कड्याला धरून राहण्यासाठी शिफ्ट ही कळ वारंवार दाबावी लागते. ती लागोपाठ पाच वेळा दाबली की विंडोजला वाटते, कळा दाबून धरण्यास अडचण असलेल्या व्यक्तीस साहाय्य हवे आहे. आणि ऐन उडीच्या क्षणी सूचनेची चौकट पुढे येते. सुलभतेच्या मांडणीत 'स्टिकी की'चा हा संकेत बंद करावा.

पहिला टप्पा पार केल्यावर अक्षरे लिहिलेल्या काचपात्रांची खोली लागते. तेथे खेळ पुस्तिकेतील एक पान, ओळ व शब्द सांगतो. त्या शब्दाच्या आद्याक्षराचे पात्र प्यावयाचे असते. हा दोष नव्हे. खेळाची चोरटी प्रत करणाऱ्यास अडविण्याची ती युक्ती होती. मात्र पुस्तिका हरवलेला प्रामाणिक मालकही तिथेच अडतो. म्हणून खेळाबरोबर त्याचे छापील कागदही जपले पाहिजेत.

जे हरवते ते

या साऱ्या खटाटोपाचा उपयोग काय, असा प्रश्न कोणी विचारील. त्याचे उत्तर मेक्नर यांच्याच अनुभवात आहे. त्यांनी स्वहस्ते लिहिलेली खेळाची मूळ आज्ञावली कित्येक वर्षे हरवलेली होती. 2012 मध्ये त्यांच्या वडिलांना घरातील कपाटात जुन्या फ्लॉपी सापडल्या. जाणकारांनी जुनी यंत्रे जुळवून एप्रिल महिन्यात त्या वाचल्या आणि मेक्नर यांनी ती आज्ञावली सर्वांसाठी खुली केली. फ्लॉपीवरील चुंबकीय लेप कालांतराने क्षीण होतो. आणखी काही वर्षे गेली असती तर कदाचित वाचण्यासारखे काहीच उरले नसते.

कागदावरचा मजकूर डोळ्यांना थेट दिसतो, आज्ञावलीचे तसे नाही. ती वाचणारे यंत्र गेले की ती असून नसल्यासारखी होते. म्हणून ज्याच्याजवळ जुन्या फ्लॉपी असतील त्याने त्यांची प्रत आजच करून ठेवावी आणि ती एकदा चालवूनही पाहावी. नुसते साठविलेले टिकले की नाही, हे चालवून पाहिल्यावाचून कळत नाही.