कुत्र्याचा फुगलेला कान

दिवाळीनंतरची गोष्ट. भूम तालुक्यातल्या एका वस्तीवरचे गृहस्थ आपल्या बारा वर्षांच्या मुलाला घेऊन संध्याकाळी दवाखान्यात आले. मुलाच्या तळहाताला घरचाच कुत्रा चावला होता. दोन दात चांगले रुतले होते आणि जखमेत लाल तिखट भरलेले होते. आधी नळाखाली साबण लावून पंधरा मिनिटे हात धुवायला लावला. पंधरा मिनिटे म्हणजे किती वेळ असतो, हे घड्याळ समोर ठेवून धुतल्याशिवाय कळत नाही. रक्त आलेली जखम असल्यामुळे लसीबरोबर जखमेत सीरमही द्यावे लागते, म्हणून सरकारी रुग्णालयासाठी चिठ्ठी लिहू लागलो, तेव्हा वडील म्हणाले, "डॉक्टरसाहेब, कुत्रं पिसाळलंय म्हणतात सगळे. आठ दिवस झाले, येड्यासारखं डोकं झाडतंय. भाऊ तर मारूनच टाकायचं म्हणतोय. टेम्पोत बांधून आणलंय, जरा बघता का?"

मी लांबूनच पाहिले. लांब कानांचा, सडपातळ, कारवानी वळणाचा कुत्रा. डावा कान पुरीसारखा टम्म फुगलेला, जड होऊन लोंबत होता आणि डोके त्याच बाजूला कलले होते. पुढे ठेवलेले पाणी तो व्यवस्थित प्यायला, मालकाने हाक मारली तशी शेपूट हलवली. मुलाला विचारले, "चावला तेव्हा तू काय करत होतास?" तो म्हणाला, "कान दाबून बघत होतो, आत काय आहे ते."

उलगडा तिथेच झाला. हा माणसांचा डॉक्टर कुत्र्यांविषयी का लिहितो, असे काही वाचकांना वाटेल. पण त्या फुगलेल्या कानापायी एक मूल माझ्या दवाखान्यात आले होते आणि एक कुत्रा काठीखाली जाणार होता.

कुत्र्याच्या कानाच्या पाळीत मध्ये कूर्चेचा, म्हणजे मऊ हाडाचा पातळ पडदा असतो आणि त्याच्या दोन्ही बाजूंना कातडी चिकटलेली असते. आत बारीक रक्तवाहिन्यांचे जाळे असते. कुत्रा जोरजोराने डोके झाडतो किंवा पायाने कान खाजवतो, तेव्हा कान डोक्यावर आपटून त्यातली एखादी वाहिनी फुटते. रक्त बाहेर येत नाही. ते कातडी आणि कूर्चा यांच्यामध्ये साकळते, आणि तेही बहुधा कानाच्या आतल्या बाजूस. हात लावला तर पाण्याच्या पिशवीसारखे लागते, कोमट असते आणि दुखते.

तालमीत गेलेल्या वाचकांना हे नवीन नाही. पैलवानांचे मोडलेले, चुरगळलेले कान आपण पाहतो, ते असेच होतात. डाव खेळताना कान घासतो, चिरडतो, कूर्चेवरचे आवरण सुटून तिथे रक्त भरते. वेळेत काढले नाही तर ते घट्ट होते आणि कान कायमचा वाकडा होतो. तालमीत तो कान मिरवतात. माझ्याकडे सूज असतानाच कोणी पैलवान आला तर मी त्याला लगेच कान-नाक-घशाच्या डॉक्टरांकडे पाठवतो.

कान फुगणे हा मूळ आजार नव्हे, हे मात्र नीट लक्षात घ्यावे. मूळ आजार आहे तो डोके झाडायला लावणारा. कानाच्या नळीत पू झालेला असतो, बुरशी असते, डोळ्यांना जेमतेम दिसणारे किडे झालेले असतात किंवा गोचीड आत शिरलेली असते. किडे असतील तर कानात चहाच्या भुकटीसारखी काळपट घाण दिसते. आपल्या बालाघाटाच्या माळावर आणखी एक कारण आहे, ते म्हणजे कुसळ. पावसाळा सरला की कुसळी गवत वाळते आणि त्याची टोकदार कुसळे धोतराला, लुगड्याला, मेंढीच्या लोकरीला सारखीच टोचतात. कुसळाची रचना अशी की ते पुढे सरकते, मागे येत नाही. कानात गेले तर आपोआप बाहेर पडत नाही. लांब, लोंबत्या कानांच्या कुत्र्यांत कानाची नळी झाकलेली राहते, हवा लागत नाही, म्हणून हे विकार त्यांच्यात जास्त. आपल्या उस्मानाबादी शेळीचेही कान लांबच. शेळीतही किड्यांमुळे असा कान फुगलेला पाहायला मिळतो.

आता लोक काय करतात? विळा किंवा सुई तापवून डाग देतात, बिब्बा लावतात, रॉकेल किंवा गाडीचे जळके ऑइल ओततात. डागाने व बिब्ब्याने कातडी जळते, रॉकेल-ऑइलने नळीचा आतला भाग भाजतो, आणि मूळचा किडा किंवा कुसळ तिथेच राहते. कोणी ब्लेडने चीर देऊन मोकळे होतात. त्यात पू होतो आणि माश्या बसून आसाडी पडते.

दुसऱ्यांना नावे ठेवण्याआधी माझेही सांगतो. पंचवीसेक वर्षांपूर्वी एका स्नेह्याच्या आग्रहाखातर मी त्यांच्या कुत्र्याच्या कानातले रक्त सिरिंजने ओढून काढले होते. कान लगेच सपाट झाला, चहा झाला, माझे कौतुक झाले. तिसऱ्या दिवशी कान पहिल्यापेक्षा मोठा होऊन परत आला. रक्त काढले तरी कातडी आणि कूर्चा यांच्यातली पोकळी तशीच राहिली होती, आणि डोके झाडणे थांबले नव्हते. शिवाय तो माझा अधिकारही नव्हता. 1984 च्या भारतीय पशुवैद्यक परिषद कायद्याप्रमाणे जनावरांवर उपचार करण्याचे काम नोंदणीकृत पशुवैद्यकाचे आहे, एमबीबीएसचे नाही. ते स्नेही आजही अधूनमधून विचारतात, "काय डॉक्टर, कान काढायचा का?"

पशुवैद्यक काय करतात, ते त्यांच्याकडूनच समजून घेतले. भूल देऊन कानाच्या आतल्या बाजूने चीर देतात, रक्त व गुठळ्या काढतात आणि मग गोधडीला दोरा घालावा तसे कानातून आरपार टाके घालतात. त्यामुळे कातडी कूर्चेला चिकटून बसते आणि रक्त साकळायला जागाच उरत नाही. चीर पूर्ण शिवत नाहीत, म्हणजे आत झिरपणारे पाणी निघून जाते. काही वेळा चीर न देता बारीक नळी बसवतात. खव्यासाठी दुभती जनावरे पाळणाऱ्या आपल्या भागात गाई-म्हशींच्या सडात घालायची नळी सर्वांनी पाहिली आहे, ती इथेही चालते. सूज लहान व ताजी असेल तर रक्त काढून आत औषधाचे इंजेक्शन देण्याचाही उपाय आहे. टाके दोन ते तीन आठवडे ठेवतात आणि त्याच काळात कानाच्या नळीतल्या मूळ आजारावर थेंब किंवा इतर औषध चालू राहते. ते मध्येच सोडले तर कान पुन्हा फुगतो, किंवा दुसरा फुगतो.

हे दुखणे सहसा जिवावर बेतत नाही, तेव्हा रात्री-अपरात्री धावाधाव नको. पण दोन-तीन दिवसांत दाखवावे. आठ-दहा दिवसांत रक्त घट्ट होऊ लागते आणि मग कान पापडासारखा आक्रसतो. तोवर कान दाबू नये, आत काडी-कापूस घालू नये. पट्टी बांधलीच तर कान डोक्यावर सपाट ठेवून सैल बांधावी. गळ्याशी दोन बोटे आत गेली पाहिजेत, नाहीतर श्वास अडतो. टाक्यांना नख लागू नये म्हणून गळपट्टा मिळतो. तो नसेल तर जुन्या प्लॅस्टिकच्या बादलीचा तळ कापून गळ्यात अडकवता येते. कुत्रा दोन दिवस रुसतो, मग सवय होते.

घरातल्या डब्यातल्या गोळ्या मात्र देऊ नयेत. ॲस्पिरिनने रक्तस्राव वाढतो, आयब्रुफेनने कुत्र्याच्या पोटात व्रण होतात आणि मूत्रपिंडे बिघडतात. पॅरासिटामॉलही माणसाच्या मापाने दिले तर त्याच्या यकृताला घातक ठरते.

पिसाळण्याविषयी दोन शब्द. डोके झाडणे म्हणजे पिसाळणे नव्हे. लाळ गळणे, आवाज बदलणे, जबडा लुळा पडणे, समोर येईल त्याला चावणे ही लक्षणे वेगळी. घशात हाड अडकल्यासारखे वाटले म्हणून पिसाळलेल्या कुत्र्याच्या तोंडात हात घालणारेही मी पाहिले आहेत. पण कान दुखला म्हणून चावला हे कितीही स्पष्ट असले, तरी लस टाळायची नाही. कुत्र्यावर दहा दिवस नजर ठेवावी. लस सुरू करायला मात्र ते दहा दिवस थांबायचे नाही.

मुलाला सीरम आणि पहिली लस त्याच रात्री मिळाली. पुढच्या तिसऱ्या, सातव्या आणि अठ्ठाविसाव्या दिवशी वडील न चुकता घेऊन गेले. कुत्र्याला वर्षापूर्वी लस टोचल्याचे ते सांगत होते, कागद काही सापडला नाही. तिसऱ्या दिवशी त्याच्या तोंडाला मुसके बांधून, भूल देऊन पशुवैद्यकांनी कान उघडला, आणि नळीतून दीड इंच लांबीचे कुसळ काढले. ते वडिलांनी कागदात गुंडाळून मला दाखवायला आणले होते. टाके एकविसाव्या दिवशी निघाले. कान टोकाशी थोडा मुडपलेला राहिला आहे. मुलगा त्याला आता पैलवान म्हणतो.