सत्य लिहिणारी लेखणी

कल्पित राज्यांच्या गोष्टींत एक लेखणी पुष्कळदा भेटते. राजवाड्यातील रत्नजडित पेटीत ती ठेवलेली असते. तिला शाई लागत नाही आणि तिच्याकडून असत्य लिहवून घेता येत नाही. कारभारी खोटा हिशेब मांडू लागला, की अक्षर उमटायचेच थांबते. आपल्या पुराणकथांतही अशा अद्भुत लेखण्या आहेत. महाभारत लिहून घेण्यास गणेश तयार झाला, तो लेखणी मध्येच थांबता कामा नये या अटीवर. व्यासांनीही उलट अट घातली, की अर्थ उमगल्यावाचून एकही अक्षर लिहावयाचे नाही. चित्रगुप्ताच्या लेखणीतून तर माणसाचे एकही कृत्य निसटत नाही, असे म्हणतात.

अशी लेखणी वऱ्हाडात खरोखर कोणाच्या हाती होती काय? अमरावतीहून नागपूरकडे जाताना वाटेत गुरुकुंज मोझरी लागते. तेथे 1935 साली आश्रम स्थापन करणारे राष्ट्रसंत तुकडोजी महाराज यांचे शिक्षण प्राथमिक इयत्तांपलीकडे गेले नव्हते. हाती खंजिरी आणि मुखी भजन, एवढेच त्यांचे भांडवल. तरीही त्यांनी 41 अध्यायांची ओवीबद्ध ‘ग्रामगीता’ रचली आणि ज्यांना फार शिकता आले नाही अशा महाराजांचे नाव 2005 साली नागपूर विद्यापीठास देण्यात आले. भाविक मनुष्य याला चमत्कार म्हणून मोकळा होतो. त्या ओव्यांपूर्वी कित्येक वर्षे महाराज गावोगावची धूळ तुडवीत हिंडले होते, हे मात्र त्याच्या ध्यानी येत नाही.

याच अमरावती जिल्ह्यात, मोर्शी तालुक्यात, रिद्धपूर नावाचे गाव आहे. मोझरीच्या आश्रमाहून साडेसहाशे वर्षे जुनी अशी एक हकीकत तेथे घडली. सत्य लिहिणाऱ्या लेखणीचा शोध घ्यावयाचा तर तेथेच जावे लागते.

तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात महानुभाव पंथाचे प्रवर्तक चक्रधरस्वामी आपल्या शिष्यांना सोडून उत्तरेकडे निघून गेले. पोरकी झालेली शिष्यमंडळी रिद्धपुरास श्रीगोविंदप्रभूंच्या सान्निध्यात येऊन राहिली. स्वामींनी स्वतः ग्रंथ लिहिला नव्हता. त्यांचे बोलणे, चालणे, रागावणे, हसणे, सारे काही माणसांच्या स्मरणात होते. आणि माणसे तर एक एक करून जाणारच! म्हाइंभट्ट या शिष्याला ही चिंता लागली. हा मोठा पंडित होता. वादात स्वामींना जिंकावे म्हणून आला आणि शिष्य होऊन राहिला. त्याने पंथाचे प्रमुख नागदेवाचार्य यांच्याजवळ बसून स्वामींच्या आठवणी, म्हणजे लीळा, टिपून घेण्यास आरंभ केला.

पंडिताला आपल्या कल्पनेने प्रसंग खुलविता आले असते. म्हाइंभट्टाने तसे केले नाही. जो प्रसंग ज्याच्यासमोर घडला, त्याच्याकडे जाऊन तो विचारावयाचा, ही त्याची रीत. त्यासाठी तो गावोगाव हिंडला. लिहिलेले नागदेवाचार्यांकडून तपासून घेतले. भाषाही त्याने संस्कृत घेतली नाही. पंथातील साध्याभोळ्या वृद्ध स्त्रिया ज्ञानाला मुकू नयेत, असा नागदेवाचार्यांचा कटाक्ष होता. अशा रीतीने सुमारे 1278 साली ‘लीळाचरित्र’ हा मराठीतील आद्य गद्यचरित्रग्रंथ सिद्ध झाला.

जुन्या काळची लेखणी म्हणजे बोरू. वेताएवढ्या पोकळ काडीचे टोक चाकूने तिरपे छाटावयाचे, मध्ये बारीकशी चीर द्यावयाची, आणि काजळ व डिंक खलून केलेल्या शाईत ते बुडवावयाचे. चार ओळी झाल्या, की पुन्हा दौतीकडे हात. टोक झिजले, की पुन्हा चाकू. पेटीत जपून ठेवावे असे त्यात काहीच नव्हते.

पुढे चौदाव्या शतकाच्या आरंभी दिल्लीच्या सुलतानाच्या सैन्याने देवगिरीचे राज्य मोडले. त्या धामधुमीत लीळाचरित्राची मूळ पोथी नाहीशी झाली. इतक्या पायपिटीने जमविलेले सारे गेले! परीकथा असती, तर येथे लेखणी आपोआप उठून पुन्हा लिहू लागली असती. येथे मात्र माणसेच पुन्हा बसली. हिराइसा नावाच्या एका शिष्येची स्मरणशक्ती विलक्षण होती. तिला लीळा मुखोद्गत होत्या. तिच्या आणि इतरांच्या पाठावरून ग्रंथ पुन्हा लिहिला गेला. त्यानंतर पंथीयांनी आपले ग्रंथ सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत उतरविले. पुढील कित्येक शतके बाहेरच्या माणसाने पोथी उघडली, तरी त्याला रेघांच्या गुंत्यापलीकडे काही दिसत नसे. विसाव्या शतकाच्या आरंभी वि. का. राजवाडे, वि. ल. भावे यांच्यासारख्या संशोधकांनी त्या लिपीचे कोडे उलगडले. पुढे वि. भि. कोलते यांनी अनेक पोथ्या ताडून पाहून लीळाचरित्राची संपादित आवृत्ती सिद्ध केली. ती 1978 साली प्रसिद्ध झाली.

या पोथ्या वाचताना एक गोष्ट लक्ष वेधून घेते. पुन्हा लिहिताना सर्वांच्या आठवणी जुळणे शक्यच नव्हते. हिराइसेला एक शब्द आठवे, तर परशरामबासांना दुसरा. रामेश्वरबासांच्या मते प्रसंग निराळाच असे. त्यांतला एक पाठ ठेवून बाकीचे गाळून टाकले असते, तर पोथी अधिक सुबक दिसली असती आणि कोणाला शंकाही आली नसती. पण लिहिणाऱ्यांनी कोणाचेच स्मरण पुसले नाही. मूळ लीळा लिहून झाल्यावर, हिराइसा असे म्हणते, परशरामबास असे म्हणतात, अशी नावानिशी नोंद करून त्यांनी ते वेगवेगळे पाठ तेथेच, त्याच बोरूने लिहून ठेवले.