न हसणारा विनोदवीर

स्वतः न हसता जगाला हसवणारा नट तुम्हांला माहीत आहे का? बस्टर कीटन हे त्याचे नाव. त्याचा जन्म १८९५ साली अमेरिकेतील कॅन्सस राज्यात झाला. आईवडील गावोगावी विनोदी खेळ करीत. खेळात वडील लहानग्या बस्टरला रंगमंचावर इकडून तिकडे फेकत! मला तरी हे रुचत नाही. पण तो हसला की प्रेक्षक कमी हसत, म्हणून तो चेहरा कोरा ठेवायला शिकला.

१९१७ साली तो मूकपटांत आला. १९२८ च्या ‘स्टीमबोट बिल, ज्युनिअर’ या चित्रपटात घराची खरी, वजनदार भिंत त्याच्या अंगावर कोसळते. खिडकीची मोकळी चौकट नेमकी त्याच्याभोवती येते. उभे राहण्याची जागा आधीच मोजून ठेवली होती. पाऊलभर चूक झाली असती, तर जीव गेला असता. भिंत पडली, धूळ उडाली. त्याचा चेहरा मात्र तसाच!