उठावदार नखनक्षी : हौस टिपवर, नख मोकळे

लग्नसराई जवळ आली की मेंदीच्या कोनाबरोबर आता नखांच्या रंगकामाचे सामानही घरात येऊ लागले आहे. नुसते नेलपॉलिश लावून हल्लीच्या मुलींचे समाधान होत नाही. नखावर उमललेली गुलाबाची पाकळी, मोत्यांची वेल, हाताला जाणवणारी कोयरी असे उठावाचे काम त्यांना हवे असते. ब्यूटी पार्लरमध्ये त्याला बराच खर्च येतो. मग पावडर, द्रव, जेलच्या डब्या आणि छोटा दिवा असा संच मागवून, मोबाईलवर पाहून, मैत्रिणी-मैत्रिणी किंवा नणंद-भावजया एकमेकींच्या नखांवर हात चालवतात.

हौस करू नये असे आमचे म्हणणे नाही. नटणे हाही मनाच्या आरोग्याचाच भाग आहे. मात्र उठावाच्या नक्षीसाठी वापरली जाणारी काही रसायने कातडीला लागली, तर त्यांची ॲलर्जी जन्मभर मागे लागू शकते. तेव्हा हे काम कसे करावे, कसे करू नये आणि का, हे आज समजून घेऊ.

नख म्हणजे काय?

नख हे केराटिन नावाच्या प्रथिनाचे बनलेले असते. केसही याच प्रथिनाचे. आपल्याला दिसते ती नखाची पट्टी निर्जीव असते, म्हणून नख कापताना दुखत नाही. पण तिच्या खालची नखशय्या आणि मुळाशी कातडीखाली दडलेला नखाचा गाभा हे दोन्ही सजीव आहेत. नवे नख या गाभ्यात तयार होते. मुळाशी जी पातळ कातडी नखाला चिकटलेली दिसते, तिला क्युटिकल म्हणतात. पाणी आणि जंतू आत शिरू नयेत म्हणून निसर्गाने लावलेली ही पट्टी आहे. शोभेसाठी ती कापणे म्हणजे दाराची कडी काढून ठेवण्यासारखे आहे.

हाताचे नख महिन्याला साधारण ३ मिलिमीटर वाढते. म्हणजे घासून किंवा ओरबाडून खराब झालेले नख पूर्ण बदलायला सुमारे सहा महिने लागतात. पायाच्या अंगठ्याला तर वर्ष-दीड वर्षही लागते. नखाची जाडी जेमतेम अर्धा मिलिमीटर. यावरून कानस किती जपून चालवावी ते ध्यानात येईल.

सुटे मणी आणि माळ

उठावाचे काम मुख्यतः दोन प्रकारांनी होते. पहिला प्रकार ॲक्रिलिकचा. यात ब्रश द्रवात बुडवून पावडरीला टेकवतात, टोकाशी ओलसर गोळी तयार होते आणि ती घट्ट होण्याआधी दाबून पाकळी घडवतात. दुसरा प्रकार जेलचा. यात दाट जेल नखावर ठेवून अतिनील किरणांच्या दिव्याखाली धरले की ते कडक होते.

दोन्हींचे मूळ एकच. द्रवात किंवा जेलमध्ये ॲक्रिलेट वर्गातील रसायनांचे लहान लहान रेणू असतात. ते सुट्या मण्यांसारखे समजा. घट्ट होताना हे मणी एकमेकांत ओवले जाऊन लांब माळ तयार होते. ही माळ कातडीत शिरू शकत नाही, त्यामुळे पूर्ण घट्ट झालेले ॲक्रिलिक सहसा त्रास देत नाही. त्रास देतात ते न ओवले गेलेले सुटे मणी.

साध्या सपाट थरापेक्षा उठावाचे काम अधिक धोक्याचे ठरते ते नेमके याच कारणाने. जेलचा जाड ठिपका ठेवला की दिव्याचा प्रकाश वरच्या भागापर्यंत पोहोचतो, पण आतला भाग कच्चा राहू शकतो. गडद रंगाचे जेल तर प्रकाश आणखी अडवते. दिवा एका कंपनीचा आणि जेल दुसऱ्या कंपनीचे असेल, तर वरून कडक दिसणारी पाकळी आतून अर्धवट असण्याचा संभव वाढतो. ॲक्रिलिकची गोळी फार ओली घेतली तरी तेच. ती पसरून कातडीवर उतरते आणि सोबत कच्चा द्रव नेते. शिवाय दिव्याखालून काढल्यावर जेलवर जो चिकट थर राहतो, तोही कच्चाच असतो. अनेकजणी तो सरळ बोटाने पुसतात!

ॲलर्जी कशी ओळखावी?

ही ॲलर्जी पहिल्याच दिवशी होत नाही. कित्येक आठवडे, कधी महिनेही काही जाणवत नाही. त्या काळात शरीर त्या रसायनाची ओळख पक्की करीत असते. एकदा ती पटली की पुढे थोडा स्पर्शही पुरतो. एक-दोन दिवसांत नखाभोवती खाज, लाली, बारीक पुटकुळ्या, बोटांच्या टोकांना भेगा असा त्रास सुरू होतो. नख खालून सुटू लागते. पुष्कळदा बोटे बरी दिसतात आणि पापण्या, गाल किंवा मान सुजते, कारण दिवसभरात आपला हात तेथे अनेकदा जातो. मग घरातली मंडळी साबण बदलतात, काजळ बदलतात, गजकर्ण समजून मलम लावतात. खरे कारण नखावर बसलेले असते. त्वचारोगतज्ज्ञ पाठीवर पट्ट्या लावून जी चाचणी करतात, तिने निदान पक्के होते.

ही गोष्ट केवळ खाजेपुरती असती तर एवढे लिहायचे कारण नव्हते. याच ॲक्रिलेट वर्गातील पदार्थ दंतवैद्य दातांच्या पांढऱ्या भरावासाठी वापरतात. गुडघा बदलण्याच्या शस्त्रक्रियेत सांधा बसवण्याचे सिमेंटही त्याच वर्गातले. मधुमेही रुग्णांच्या दंडावर लावायच्या साखर मोजणाऱ्या काही पट्ट्यांतही ते असतात. ॲलर्जी झालेल्या प्रत्येकीला पुढे तेथे त्रास होईलच असे नाही, पण होऊ शकतो. म्हणून ज्यांना असा त्रास झाला आहे त्यांनी दंतवैद्यांना आणि शस्त्रक्रियेपूर्वी डॉक्टरांना तो न विसरता सांगावा. विशीतली हौस साठीतल्या गुडघ्यापर्यंत पोहोचू नये, एवढाच हेतू.

परदेशातही याची दखल घेतली गेली आहे. ब्रिटनमधील त्वचारोगतज्ज्ञांच्या संघटनेने २०१८ मध्ये घरगुती जेल-संचांविषयी इशारा दिला. युरोपीय संघाने २०२० मध्ये नियम करून ‘हेमा’ हे ॲक्रिलेट असलेली नखांची उत्पादने फक्त व्यावसायिक वापरापुरती मर्यादित केली. जेल घट्ट करण्यासाठी वापरले जाणारे ‘टीपीओ’ हे रसायन तर तेथे १ सप्टेंबर २०२५ पासून सौंदर्यप्रसाधनांत बंद झाले आहे.

घरी करायची सुरक्षित रीत

मग उठावाची नक्षी करूच नये का? जरूर करावी, पण नखावर न करता प्लास्टिकच्या तयार टिपवर करावी. जेल नको, ॲक्रिलिकचा द्रव नको, दिवाही नको.

१) आपल्या नखाच्या रुंदीच्या टिप निवडाव्यात. कडा बाजूच्या कातडीला टोचता कामा नये.

२) दुहेरी चिकटपट्टीने प्रत्येक टिप आइस्क्रीमच्या काडीवर बसवावी. म्हणजे काम करताना रंग हाताला लागत नाही.

३) साध्या नेलपॉलिशचे दोन पातळ थर द्यावेत. पहिला वाळल्यावरच दुसरा.

४) केसांच्या पिनेचे गोल टोक पॉलिशमध्ये बुडवून ठिपका द्यावा. तो पूर्ण वाळला की त्यावरच दुसरा, मग तिसरा. असा मोती उभा राहतो. घाई केली तर वर साय धरते आणि आत ओले राहते.

५) ओला ठिपका दातकोरणीने मध्याकडे ओढला की पाकळी होते. पाच पाकळ्यांचे फूल, मोगऱ्याची कळी, नथीतल्यासारखे मोती हे नवशिक्या हातालाही जमते. कोयरीची कड काढायला कापडावर रंगकाम करण्याची उठावाची नळी चालते.

६) उठाव राजगिऱ्याच्या दाण्याएवढा पुरे. त्याहून उंच नक्षी केसांत आणि साडीच्या जरीत अडकते आणि नखाला हिसका बसतो.

७) रात्रभर वाळू द्यावे. सकाळी वरून पारदर्शक पॉलिशचा एक हात द्यावा. चूक झाली तर ॲसिटोनने पुसू नये, त्याने प्लास्टिकच विरघळते. नवी टिप घ्यावी.

८) नख स्वच्छ आणि कोरडे करून टिप दुहेरी चिकटपट्टीच्या चकतीने लावावी. समारंभ झाला की कोमट साबणाच्या पाण्यात बोटे बुडवून, चिकटपणा सैल झाल्यावर हळूच बाजूने सोडवावी. ओढू नये. हात पुसून नखांना खोबरेल तेल चोळावे.

झटपट चिकटणारा नखांचा डिंक टाळलेलाच बरा. तो सुती कापडावर सांडला तर इतका तापतो की खालची कातडी भाजते. त्याची बाटली डोळ्यांच्या औषधासारखी दिसते, म्हणून औषधांच्या डब्यात ती कधीही ठेवू नये. चुकून डोळ्यात गेल्यास पापण्या ओढून उघडू नयेत. पाण्याने धुऊन ताबडतोब नेत्रतज्ज्ञांकडे जावे.

आधीच जेल किंवा ॲक्रिलिक लावले असेल तर

ते सोलून काढू नये. त्याबरोबर नखाचे पापुद्रेही निघतात. वरची चकाकी कानशीने हलकी घासावी, ॲसिटोनमध्ये भिजवलेला कापूस ठेवून वर्ख गुंडाळावा आणि दहा-पंधरा मिनिटांनी मऊ झालेला थर लाकडी काडीने अलगद सारावा. न निघाल्यास पुन्हा भिजवावे. खरवडू नये. काही कडक जेल ॲसिटोनने सुटत नाहीत, ती जाणकाराकडूनच काढून घ्यावीत. ॲसिटोन झटकन पेट घेते. खिडकी उघडी ठेवावी आणि गॅस, निरांजन, उदबत्ती यांच्याजवळ हे काम करू नये. घासताना उडणारी धूळ नाकात जाऊ नये म्हणून मास्क लावावा.

पार्लरमध्ये जेल लावून घेणाऱ्यांनी टोके कापलेले गडद हातमोजे घालून हात दिव्याखाली धरावा किंवा आधी एसपीएफ ३० वा अधिक क्षमतेचे सनस्क्रीन लावावे. जानेवारी २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या कॅलिफोर्नियातील संशोधनात अशा दिव्याखाली वीस मिनिटे ठेवलेल्या पेशींपैकी २० ते ३० टक्के पेशी मेल्या. हा प्रयोग प्रयोगशाळेतील पेशींवर होता, माणसाच्या हातावर नव्हे. तरीही काळजी घेण्यास तो पुरेसा आहे. कच्चे जेल कातडीला लागल्यास लगेच साबण-पाण्याने धुवावे.

कोणी लावूच नये?

नखुरडे, बुरशी, चीर किंवा जखम असलेल्यांनी टिपही लावू नये. लहान मुलींना तर नकोच. परिचारिका आणि रुग्णसेवेतील भगिनींनी कृत्रिम नखे वापरू नयेत, अशी जागतिक आरोग्य संघटनेची २००९ ची मार्गदर्शक सूचना आहे, कारण नखाखालील जंतू हात धुऊनही पुरते जात नाहीत. कणीक मळणाऱ्या, तान्ह्या बाळाला न्हाऊ घालणाऱ्या बाईनेही हाच विचार करावा. शस्त्रक्रियेला जाताना नखे मोकळी असावीत. रक्तातील प्राणवायू मोजणारी चिमटी बोटाला लावतात, जाड रंगामुळे तिचा आकडा चुकू शकतो.

नखाखाली हिरवट डाग दिसला, कडेला पू झाला, नख उचलले गेले, बोटाचे टोक बधिर झाले किंवा खाज दोन दिवसांहून अधिक राहिली, तर कृत्रिम नख काढून डॉक्टरांना दाखवावे. डाग झाकण्यासाठी वर आणखी एक थर चढवणे हा उपाय नव्हे.

थोडक्यात सांगायचे तर, नक्षी टिपवर उठवावी, कच्चे रसायन कातडीला लागू देऊ नये आणि समारंभ संपला की नखांना मोकळा श्वास दिल्यासारखे मोकळे ठेवावे. आठवडाभर ती नुसती तेल लावून, नीट कापून ठेवली, तर पुढच्या लग्नालाही ती तितकीच साजरी दिसतील.